परवाना मिळाला, जाब राहिला

'सरकारी काम आणि सहा महिने थांब' ही म्हण आपल्याकडे विनोदाने नव्हे, अनुभवाने म्हटली जाते. ज्याला थांबणे परवडत नाही, तो उच्च न्यायालयाचे दार ठोठावतो. पुढचा प्रवेश ठरलेला असतो. महिनोन्महिने टेबलावरून न हललेल्या अर्जाला न्यायालयाची नोटीस निघताच पाय फुटतात. सुनावणीच्या दिवशी सरकारी वकील परवान्याची प्रत पुढे करतात आणि आता काही प्रश्न उरला नाही, अशा नोंदीनिशी याचिका निकालात निघते.

यात न्यायालयाचे काही चुकते, असे आम्ही म्हणत नाही. घटनेच्या २२६व्या कलमान्वये परमादेश मागायचा, तो अधिकाऱ्याने आपले कर्तव्य करावे म्हणून. ते त्याने केल्यावर आज्ञा कोणाला द्यायची? अर्जदारालाही मग भांडण नको असते. आज बांधकामाचा परवाना मिळाला, तरी उद्या घराच्या वापराचा दाखला त्याच पंचायतीकडे मागावयाचा आहे. पाण्यात राहून माशाशी वैर कोण धरील?

परंतु प्रश्न उरतोच. कागदपत्रे पुरी होती, तर परवाना आधी का दिला नाही? पुरी नव्हती, तर आता कसा दिला? दोन्ही उत्तरे अडचणीची असल्यामुळे ती द्यावी न लागणे हेच कचेरीच्या सोयीचे असते. शिवाय निर्णय न झाल्याने दंडक निर्माण होत नाही. काणकोण वा सत्तरीतील पुढच्या अर्जदाराला पुन्हा श्रीगणेशा करावा लागतो. १९८२ साली मुंबई उच्च न्यायालयाचे खंडपीठ गोव्यात आले, तेव्हा न्याय घराजवळ आला खरा. परंतु वकिलाची फी ज्याला झेपते त्याचाच अर्ज हलणार असेल, तर बाकीच्यांनी रांगेत किती काळ उभे राहावे?

यावर उपाय नाही असे नव्हे. लखनौ विकास प्राधिकरणाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९३ सालीच सांगितले की, नागरिकाच्या छळाची भरपाई जबाबदार अधिकाऱ्याकडून वसूल व्हावी. तिचा भार करदात्यांवर पडू नये. सेवा मुदतीत देण्याचा कायदाही गोव्यात २०१३ साली झाला. आमची सूचना साधी आहे. अशी याचिका निकालात काढण्यापूर्वी अर्ज कधी आला, कोणाकडे किती दिवस पडून राहिला आणि का, याचे प्रतिज्ञापत्र त्या कचेरीकडून घ्यावे. समाधानकारक कारण नसेल, तर अर्जदाराचा खर्च संबंधित अधिकाऱ्याच्या पगारातून वसूल करावा.

परवाना देणे हे उपकार नव्हेत. उशिरा दिलेल्या परवान्याने अर्जदाराची गरज भागते. विलंबाचा जाब मात्र कोणी विचारीत नाही. तो विचारला जात नाही तोवर पुढचा अर्जही नोटिशीचीच वाट पाहत राहील.