बोंडाची कुसळं

वडील गेले तेव्हा दहा दिवस आमची ओसरी माणसांनी भरलेली होती. 'आता घरातला कर्ता तू, सावर स्वतःला,' हे येणारा प्रत्येकजण सांगून जाई. पाठीवर हात ठेवला तो एका मित्राने. कोणीतरी आत आलं, तसा त्यानेही तो पटकन काढून घेतला.

रोहन परशुराम कानवडे यांचा 'साबर बोंडं' हा चित्रपट पाहताना तो हात आठवला. मुंबईत कॉल सेंटरमध्ये काम करणारा आनंद वडिलांच्या सुतकाचे दहा दिवस पाळायला गावी येतो. नातेवाइकांचा एकच धोशा, लग्न कधी? त्याचं मन पुरुषांत गुंततं हे आईला ठाऊक आहे आणि चारचौघांत ती त्याला सांभाळून घेते. आई-मुलाचं हे नातं मला फार मोठं वाटलं. गावात बालपणीचा मित्र बाळ्या आहे. त्याच्याही मागे लग्नाचा तोच तगादा. वडील गेल्यावर कानवडे स्वतः गावी असेच राहिले होते. कथेचं बीज त्या दिवसांतलं.

चित्रपटाला पार्श्वसंगीत नाही. कॅमेरा एका जागी थांबतो आणि माणसांना त्यांचा वेळ घेऊ देतो. कुणाला हे संथ वाटेल, पण सुतकातले दिवस असेच सरतात. झाडाखाली आनंद आणि बाळ्या नुसते पडून असतात, तेव्हा आनंदच्या चेहऱ्यावरचा ताण हळूहळू उतरताना दिसतो. दुःखातल्या पुरुषाला इतक्या निवांतपणे कुणाच्या कुशीत शिरताना मी मराठी पडद्यावर पाहिलं नव्हतं.

बाळ्या आनंदसाठी साबर बोंडं, म्हणजे फड्या निवडुंगाची फळं, आणतो. ज्यांनी ती खाल्लीत त्यांना यातली माया कळेल. वरची कुसळं दिसतही नाहीत इतकी बारीक, बोटात रुतली की दोन दोन दिवस सलतात. आम्ही बोंडं मातीत घोळवायचो, गवताच्या झुपक्याने घासायचो, मग कुठे तो लालभडक गर हाती लागायचा. दुसऱ्यासाठी बोंड सोलणारा कुसळं स्वतःच्या बोटांत घेतो.

२०२५ मध्ये सनडान्स महोत्सवात जागतिक कथापट विभागाचं सर्वोच्च पारितोषिक या चित्रपटाला मिळालं. मला त्याचा आनंद आहेच. पण चित्रपट पाहून घरी आल्यावर मी आधी पाठीवर हात ठेवणाऱ्या त्या मित्राला फोन लावला. पाऊस झाला, कांद्याचा भाव झाला. मग तो म्हणाला, "किती वर्षं झाली रे, ये की राहायला."

शनिवारच्या एसटीने निघतोय.