दाविदाचे कीर्तन कोणाचे?

यहुदी व ख्रिस्ती गायकांनी एकत्र भक्तिगायन करावे, असे कोणी सुचविले की दोन्हीकडील कर्मठांच्या कपाळास आठ्या पडतात. एक पक्ष म्हणतो, धर्म बाटेल. दुसरा म्हणतो, मृदंग-झांजांवरचे मराठी कीर्तन ही मुळातच हिंदूंची उसनवारी. तीत आपले असे काय आहे? आमच्या मते दोन्ही पक्ष चुकतात.

दुसरा आक्षेप प्रथम घेऊ. 1880च्या सुमारास मुंबईच्या बेने इस्राएल मंडळींनी कीर्तन हाती घेतले आणि ओवी, साकी, दिंडीतून योसेफ, मोशे यांची आख्याने रंगविली. 1895 साली ख्रिस्ती झालेल्या नारायण वामन टिळकांनीही आपली भक्ती अभंग-कीर्तनाच्याच वाटेने मांडली. मातृभाषेच्या छंदांत देवाला आळविणे ही उसनवारी असेल, तर मातृभाषाही उसनीच म्हणावी लागेल!

पहिला आक्षेप मात्र हसण्यावारी नेता येत नाही. डॉ. जॉन विल्सन यांनी 1832 साली मराठीतून हिब्रू व्याकरण प्रसिद्ध केले. त्या विद्येचा बेने इस्राएलांस लाभ झाला खरा, पण मिशनऱ्यांचा अंतिम हेतू धर्मांतराचा होता. यहुदी गृहस्थांनी हे का विसरावे? म्हणून आमची सूचना अशी: जागा सिनेगॉग वा चर्च नसावी, साधे सभागृह असावे, शब्बाथ टाळावा, पदे दाविदाच्या नावे चालत आलेल्या 150 स्तोत्रांवरची असावीत, आणि निरूपणात कोणी कोणास आपल्या मताकडे ओढू नये. येशू हाच मसीहा काय, हा मतभेद झाकण्याचे कारण नाही. परंतु ती स्तोत्रे दोघांच्याही शास्त्रांत आहेत, आणि शेवटच्या स्तोत्रात तर तंतुवाद्यांनी व झांजांनी देवाची स्तुती करावयास सांगितले आहे.

हा वाद नंदुरबारास दूरचा वाटेल. तसा तो नाही. नवापूरकडील ख्रिस्ती आदिवासी तरुणास दावीद राजा परका नाही. पण कोकणातल्या यहुद्यांनी आपली पवित्र आख्याने मराठी साकी-दिंडीत बसविली, हे त्याला कोणी सांगितले आहे काय? 1948नंतर बेने इस्राएलांपैकी बहुसंख्य इस्राएलास गेले आणि ती पदे गाणारे येथे थोडेच उरले. ती शिकण्यास उद्या एखादा ख्रिस्ती गायक पुढे आला, तर त्याला दारातूनच परतवावे काय? धर्म बाटण्याचे भय दाखविणाऱ्यांनी एवढेच सांगावे: ती पदे कोणीच गाईनासे झाले, म्हणजे धर्म अधिक शुद्ध होणार आहे काय?