चोर सुटू नये, न्यायही बुडू नये!

जालना जिल्ह्यातील घनसावंगी तालुक्याच्या दक्षिण अंगाने गोदावरी वाहते. या गोदाकाठी रात्रीचा दिवस करून वाळू उपसली जाते, ती भरलेले ट्रॅक्टर आणि हायवा महसूल खात्याचे पथक पकडते, आणि मग जप्तीचे व दंडाचे भांडण उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाच्या दारी जाते. तेथे एखादा आदेश रद्द झाला, की 'न्यायालये वाळूचोरांना पाठीशी घालतात' असे भलेभले सुशिक्षितही बोलू लागतात. त्यांचा संताप खरा आहे. पण त्याचा रोख चुकला आहे!

वाळू म्हणजे नदीच्या पोटातील पाण्याची कोठी. ती रिकामी झाली, की काठच्या विहिरी कोरड्या पडतात. मराठवाड्यासारख्या अवर्षणाने गांजलेल्या मुलखात हा अपराध क्षुल्लक कोण म्हणेल? न्यायालयांनीही तो तसा मानलेला नाही. पाच हेक्टरांहून लहान खाणपट्ट्यांनाही पर्यावरणाची पूर्वपरवानगी हवी, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१२ साली बजावले. आणि नदीतील वाळू चोरणाऱ्यावर खनिज कायद्याबरोबरच दंडसंहितेखाली चोरीचाही खटला चालू शकतो, असा निर्वाळा २०१४ साली दिला.

मग आदेश टिकत नाहीत ते का? महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ हिचे कलम ४८ पाहावे. तहसीलदाराला वाहन जप्त करता येते. परंतु ते ४८ तासांच्या आत जिल्हाधिकाऱ्यापुढे, किंवा त्याने अधिकार दिलेल्या किमान उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे हजर करावे लागते. विहित दंड आणि जातमुचलका घेऊन ते सोडण्याचा अधिकार त्या वरिष्ठाचा आहे. पकडणारा हात एक आणि निवाडा करणारा दुसरा, ही तजवीज कायद्याने हेतुपूर्वक केली आहे. दंडही लहान नव्हे. २०१८ च्या नियमदुरुस्तीनुसार ट्रॅक्टरला एक लाख, तर उत्खननयंत्राला साडेसात लाख रुपये. शिवाय वाळूच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंतचा दंड वेगळाच. एवढी जबर शिक्षा करावयाची आणि पंचनामा मोघम, नोटीस नाही, मालकाचे म्हणणे ऐकलेले नाही, आदेशाला कारणे नाहीत! असा आदेश न्यायालयाने उचलून धरावा तरी कसा?

या ढिलाईचा फायदा कोणाला होतो, हेही पाहिले पाहिजे. दहा वाहनांचा धनी वकील लावतो, आदेशातील छिद्र शोधतो आणि सुटतो. ज्याच्या घरी कर्जाऊ ट्रॅक्टर हीच एकुलती मिळकत आहे, त्याचे वाहन मात्र तहसील कचेरीच्या आवारात उन्हापावसात गंजत पडते. बँकेचे हप्ते काही थांबत नाहीत. परवान्याची मुदत थोडक्यात टळलेला शेतकरी आणि अट्टल चोर यांना एकाच दावणीला बांधणे हा न्याय नव्हे. जप्त वाहने ठाण्यांत कुजवीत ठेवू नयेत, योग्य हमी घेऊन ती लवकर सोडावीत, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ सालीच फौजदारी खटल्यांपुरते सांगितले होते. त्यामागचे शहाणपण महसूल खात्यालाही पचायला जड जाऊ नये.

आमचे म्हणणे सरळ आहे. पंचनाम्यात जागा, वेळ आणि किती ब्रास वाळू हे जागच्या जागी नोंदवावे. ४८ तासांची मर्यादा काटेकोर पाळावी. मालकाला नोटीस देऊन त्याचे ऐकावे आणि सकारण आदेश ठरावीक मुदतीत द्यावा. त्याचबरोबर केवळ ट्रॅक्टरचालकावर न थांबता वाळू विकत घेणाऱ्यापर्यंत आणि डोळेझाक करणाऱ्यापर्यंतही तपास न्यावा. असे घडेल, तर वाळूचोराला खंडपीठाची पायरी चढून काही लाभ होणार नाही. कायदा धाब्यावर बसवून वाळू उपसणारा गुन्हेगार असेल, तर कायदा धाब्यावर बसवून त्याला पकडणारे शासन गोदावरीचे रक्षण कोणत्या तोंडाने करणार?