बकुळीचं फळ खातात का? खातात, पण झाड ओळखून!

बकुळ (कोकणात ओवळ) आपण लावतो ती सावलीसाठी नि फुलांसाठी. शाळा, देऊळ, रस्त्याची कड. खाली केशरी फळांचा सडा पडतो आणि झाडून उकिरड्यावर जातो. पोरानं एखादं उचललं की मोठी माणसं ओरडतात, "टाक, विषारी असेल!"

विषारी नाही. बकूळ चिकूच्याच कुळातली. खिरणी आणि मोह तिचे भाऊबंद. पिकलेलं फळ केशरी, लांबट, साधारण इंचभर. गर पिठूळ, गोडसर, मागून तुरट. आत बहुधा एकच चपटी, चकचकीत, तपकिरी बी. ती थुंकायची, चावायची नाही. कच्चं फळ चिकट नि तुरट लागतं, त्याच्या वाटेला जाऊ नये.

माझं म्हणणं एवढंच, की फळाला सरसकट भिणं जितकं चुकीचं, तितकंच "झाडाचं आहे, खा बिनधास्त" म्हणणंही. कारण त्याच शाळेच्या कुंपणाला पिवळी कण्हेर, म्हणजे बिट्टी, असते. ती मूळची अमेरिकेतली. तिचं सगळं झाडच विषारी, बी सर्वांत जास्त, आणि विष थेट हृदयावर काम करतं. पोरं त्या बियांनी खेळतात!

इथे आपले ठोकताळे कामाला येत नाहीत. "चीक निघाला म्हणजे विष" म्हणावं, तर कच्च्या चिकूलाही चीक असतो. "पाखरं खातात म्हणजे चालतं" म्हणावं, तर कोकिळा बिट्टीचं फळही खाते. खरी खूण एकच: झाड नावानिशी ओळखता येणं. ते ज्ञान आजीकडं होतं, नातवापर्यंत आलंच नाही.

कुणी बकुळीची "रानमेवा" म्हणून व्यापारी लागवड सुचवली, तर मात्र थांबा. झाड हळू वाढतं, बी मोठी, गर थोडा, चव तुरट. बाजाराचं हे फळ नव्हे. बांधावर, ओट्याजवळ एखाददुसरं झाड पुरे.

ग्रामपंचायतीनं आणि शाळेनं दोन कामं करावीत: आवारातली बिट्टी काढावी, तिथं बकूळ लावावी. आणि प्रत्येक झाडावर नावाची पाटी, खाली "फळ खाण्याजोगे" किंवा "विषारी" असं ठळक लिहून.

पोरानं बिट्टी खाल्लीच, तर घरगुती उपायात वेळ घालवू नका. उरलेलं फळ सोबत घ्या आणि थेट दवाखाना गाठा.

तुमच्या गावच्या शाळेत कोणती झाडं आहेत? उद्या एक चक्कर मारून बघाच.