बाळंतिणीचे नैराश्य : दोष संप्रेरकांचा की मेंदूचा?

बाळंतीण सारखी रडू लागली, तिची झोप उडाली, बाळाकडेही तिचे लक्ष लागेनासे झाले, की ‘हार्मोन्सचा खेळ आहे, होईल ठीक’ असे म्हणून घरचे मोकळे होतात. क्वचित ‘आम्ही नाही का बाळंत झालो?’ असेही सुनावले जाते. संप्रेरकांचा याच्याशी संबंध आहे हे खरेच. पण तो नेमका कसा, हे ठाऊक नसल्याने ही दोन्ही वाक्ये सारखीच घातक ठरतात.

गरोदरपणात इस्ट्रोजेन व प्रोजेस्टेरॉन यांची पातळी अनेक पटींनी वाढते आणि वार पडल्यानंतर अवघ्या काही दिवसांत कोसळते. ही घसरण प्रत्येक बाळंतिणीत होते. मग नैराश्य काहींनाच का ग्रासते? अमेरिकेच्या राष्ट्रीय मानसिक आरोग्य संस्थेतील संशोधकांचा २००० मध्ये प्रसिद्ध झालेला प्रयोग या दृष्टीने बोलका आहे. गरोदर नसलेल्या १६ स्त्रियांना आठ आठवडे ही संप्रेरके देऊन मग ती काढून घेण्यात आली. पूर्वी असे नैराश्य येऊन गेलेल्या आठजणींपैकी पाचजणींची मनःस्थिती ढासळली. उरलेल्या आठपैकी एकीचीही नाही. मात्रा तीच, मेंदूचा प्रतिसाद वेगळा. म्हणूनच रक्तातील संप्रेरकांचा अहवाल ‘नॉर्मल’ आला, तरी आजार नाही असे ठरत नाही.

प्रोजेस्टेरॉनपासून शरीरात ॲलोप्रेग्नॅनोलोन तयार होते. मेंदूतील उत्तेजना शमविणाऱ्या ‘गाबा’ या रसायनाचा प्रभाव ते वाढविते. प्रसूतीनंतर हा आधार एकाएकी निघून जातो. याच धाग्यावरून ब्रेक्सॅनोलोन या औषधाला अमेरिकेत मार्च २०१९ मध्ये मान्यता मिळाली. पण त्यासाठी रुग्णालयात ६० तास सलाईन लावून घ्यावे लागे. तान्हे मूल असलेल्या आईला ते कितपत झेपणार? ऑगस्ट २०२३ मध्ये झुरानोलोन ही १४ दिवस घ्यावयाची गोळी मान्य झाली. तिची जाहीर किंमत मात्र १५ हजार ९०० डॉलर होती.

भारतापुरता प्रश्न औषधापाशी पोहोचण्याआधीच अडतो. देशातील ३८ अभ्यासांचा एकत्रित आढावा २०१७ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यानुसार सुमारे २२ टक्के मातांमध्ये प्रसूतीपश्चात नैराश्य आढळते. पहिल्या दोन आठवड्यांत ओसरणारी हळवी अवस्था वेगळी आणि हे वेगळे. ते ओळखणार कोण? रुग्णालयातील प्रसूतीनंतर आशा कार्यकर्तीने ४२ दिवसांत सहा वेळा घरी जावे, अशी योजना २०११ पासून आहे. गडचिरोलीतील डॉ. अभय व राणी बंग यांच्या कामाची प्रेरणा तिच्यामागे आहे. या भेटींचा भर साहजिकच नवजात बालकावर, त्याच्या वजनावर, तापमानावर असतो. मातेसाठी एडिंबरोची दहा प्रश्नांची प्रश्नावली १९८७ पासून उपलब्ध आहे. ती विचारायला काही मिनिटे पुरतात. अर्थात, आशाताईंना त्यासाठी प्रशिक्षण व जादा मोबदला हवा, आणि पुढे पाठवायला जवळपास मानसोपचारतज्ज्ञही हवा. प्रश्नावलीतला शेवटचा प्रश्न स्वतःला इजा करण्याच्या विचाराविषयी आहे. त्याचे उत्तर ‘हो’ आले, तर पुढच्या भेटीपर्यंत थांबता येत नाही.