पडद्यावरील पक्षी आणि खाडीतील पक्षी

२० मे २०२४ च्या रात्री दुबईहून मुंबईस येणाऱ्या एका प्रवासी विमानाची धडक रोहित पक्ष्यांच्या थव्यास बसली आणि घाटकोपर पूर्वेच्या पंतनगर-लक्ष्मीनगर परिसरात मृत पक्ष्यांचा अक्षरशः खच पडला. मोजदाद पुरी झाली तेव्हा संख्या ३९ भरली. विमान सुखरूप उतरले. त्याच्या अवघ्या आठवडाभर आधी, १३ मे रोजी, वादळी वाऱ्यात प्रचंड जाहिरातफलक कोसळून याच उपनगरात १७ माणसे मृत्युमुखी पडली होती. ते दुःख ताजे असतानाही रहिवाशांनी पक्ष्यांची खबर वन विभागास दिली, ही गोष्ट घाटकोपरकरांच्या माणुसकीची साक्ष देणारी आहे. परंतु आपल्या इमारतींच्या माथ्यावरून दर हिवाळ्यात व उन्हाळ्यात हे गुलाबी पाहुणे ये-जा करतात, हे कित्येकांना त्या रात्री प्रथमच कळले असेल, तर त्यात नवल मानण्याचे कारण नाही. शेजाऱ्याची ओळख त्याच्या अंत्ययात्रेला व्हावी, तसाच हा प्रकार झाला.

या अनभिज्ञतेवर एक नवा उपाय अलीकडे सुचवला जातो. तो म्हणजे वन्यजीव रक्षणाचा संदेश देणारे व्हिडिओ गेम. मुले रानात जात नाहीत, मग रानच त्यांच्या मोबाइलवर आणावे, असा हा युक्तिवाद आहे. त्याची कोणी भाबडेपणाने भलावण करतो, तर कोणी मोबाइलच्या नुसत्या नावाने नाक मुरडतो. वस्तुतः हा प्रश्न उत्साहाने किंवा तिटकाऱ्याने सुटणारा नाही. त्याचा जमाखर्चच मांडून पाहिला पाहिजे.

प्रथम जमेची बाजू पाहू. २००२ साली केंब्रिजच्या संशोधकांनी 'सायन्स' या नियतकालिकात एक छोटीशी, पण डोळे उघडणारी पाहणी प्रसिद्ध केली. इंग्लंडमधील प्राथमिक शाळांतील मुलांना त्यांनी दोन प्रकारची चित्रे दाखवली. एका गठ्ठ्यात परिसरातील नेहमीचे प्राणी, पक्षी व वनस्पती होत्या; दुसऱ्यात 'पोकेमॉन' या जपानी खेळातील काल्पनिक जीव होते. आठ वर्षांच्या मुलांना खऱ्या सजीवांपैकी सुमारे ५३ टक्के ओळखता आले; काल्पनिक जीवांपैकी मात्र तब्बल ७८ टक्के! या निष्कर्षाकडे 'कलियुग आले' म्हणून पाहणे सोपे आहे. पण त्याचा खरा अर्थ वेगळा आहे. बालबुद्धीची ग्रहणशक्ती आटलेली नाही. शेकडो जीवांची नावे, रूपे आणि स्वभाव लक्षात ठेवण्याची तिची तयारी आहे. ती शक्ती आपल्याकडे खेचून घेण्याचे कसब खेळ तयार करणाऱ्यांनी साधले आहे, निसर्ग शिकवणाऱ्यांनी साधलेले नाही, एवढाच तो भेद आहे.

खेळ नुसती नावेच शिकवतो असे नाही. तो हिशेबाची रीत शिकवतो, आणि याकडे फारसे कोणाचे लक्ष जात नाही. मे महिन्याच्या सुटीत चाळीच्या गॅलरीत मांडला जाणारा 'व्यापार' हा खेळ आठवून पाहावा. खोट्या नोटा, फासा आणि शहरांची घरे यांच्या त्या पटावर मुंबईतील कित्येक पिढ्यांनी भाडे, गहाण आणि दिवाळे यांचे पहिले धडे गिरवले. त्या पटाचा एक मूलभूत नियम असा, की रिकाम्या जागेचे भाडे किरकोळ. घर बांधले की ते वाढते आणि हॉटेल उभारले की भरमसाट होते. हा नियम कोणी फळ्यावर लिहून शिकवला नाही. खेळता खेळता तो हाडीमासी खिळला. पुढे पाणथळ जागा, खाजणे व टेकड्या यांच्याकडे 'पडून असलेली जमीन' म्हणून पाहणारी जी दृष्टी या महानगरात बळावली, तिचे खापर एका बैठ्या खेळावर फोडणे अर्थातच अन्यायाचे होईल. तथापि त्या दृष्टीचे आणि त्या पटाचे अर्थशास्त्र एकच होते, हे मान्य करावे लागेल.

'आल्बा' या, लंडनच्या एका संस्थेने २०२० साली बाजारात आणलेल्या गेमचे महत्त्व याच दृष्टीने लक्षात येते. भूमध्य समुद्रातील एका बेटावर आजी-आजोबांकडे सुटीला आलेली एक लहान मुलगी ही त्याची नायिका. ती पक्ष्यांची छायाचित्रे टिपते, कचरा उचलते, मोडके पूल व घरटी दुरुस्त करते आणि बेटावरील राखीव निसर्गक्षेत्रात येऊ घातलेले आलिशान हॉटेल रोखण्यासाठी घरोघर फिरून सह्या गोळा करते. येथे हॉटेल उभे राहिले तर खेळाडू हरतो, पडीक वाटणारी जमीन राखली तर जिंकतो. 'व्यापारा'चा पट जणू येथे उलटा मांडला आहे. शिवाय खेळाच्या प्रत्येक प्रतीमागे एक झाड लावण्याचे वचनही निर्मात्यांनी दिले होते. दहा वर्षांच्या मुलामुलींना असा हिशेब एकदा तरी हाताळायला मिळावा, यात वाईट काय आहे?

वाईट काही नाही. पण येथेच खर्चाची बाजू सुरू होते. अर्थशास्त्रात वस्तूंचे दोन प्रकारचे नाते सांगतात. चहा आणि कॉफी या पर्यायी वस्तू आहेत. एक घेतली की दुसरीची गरज कमी होते. चहा आणि साखर या पूरक वस्तू आहेत. एकीचा खप वाढला की दुसरीचाही वाढतो. वन्यजीवांवरील गेम हा खऱ्या रानाचा पर्याय ठरतो की पूरक, या एका प्रश्नावर त्याचे सारे मूल्यमापन अवलंबून आहे. पडद्यावरचे बेट वाचवल्यावर मुलाला मिळणारे समाधान खरे असते. पण त्याच समाधानाने त्याची भूक भागली, आपले कर्तव्य पार पडले असे त्याला वाटू लागले, आणि खिडकीबाहेरची खाडी पाहण्याची इच्छाच उरली नाही, तर तो गेम रक्षणाचा प्रचार न राहता रक्षणापासून सुटका करून देणारा ठरेल. देवळात घंटा वाजवून सत्कर्माचा हिशेब मिटवणाऱ्या भाविकाहून तो खेळाडू वेगळा नसेल.

२०१६ साली आलेल्या 'पोकेमॉन गो'चा अनुभव या बाबतीत बोलका आहे. त्या गेमने जगभरच्या लाखो लोकांना घराबाहेर काढून रस्त्यांवर आणि उद्यानांत हिंडायला लावले. चालण्याच्या व्यायामास तो पूरक ठरला. परंतु बागेत आलेल्यांचे डोळे झाडावर नव्हते, हातातल्या पडद्यावर होते. याच्या नेमके उलट उदाहरण म्हणजे दर फेब्रुवारीत होणारी जागतिक पक्षिगणना. २०१३ पासून भारतातील पक्षिनिरीक्षकही तीत भाग घेत आहेत. पाहिलेल्या पक्ष्यांची यादी मोबाइलवर नोंदवायची, ती इतरांच्या यादीशी ताडून पाहायची, आपल्या जिल्ह्याचा आकडा वाढवायचा, ही सारी खेळाचीच अंगे आहेत. चुरस आहे, गुण आहेत, जिंकण्याची ईर्षाही आहे. पण त्यातला पक्षी खरा आहे. अशा नोंदींच्या आधारेच भारतातील पक्ष्यांच्या सद्यःस्थितीचे २०२० व २०२३ चे अहवाल तयार झाले. खेळातून पुरावा निर्माण झाला आणि पुराव्यातून धोरणाची मागणी करता आली. पूरक वस्तू म्हणतात ती हीच.

ठाण्याच्या खाडीला असा पूरक खेळ हवा असेल, तर त्याला सुंदर चित्रांपेक्षा खऱ्या नियमांची गरज आहे. रोहित पक्षी हे बहुतेक करून कच्छकडून येतात. अलीकडच्या वर्षांत मुंबई-ठाणे-नवी मुंबई परिसरातील त्यांची संख्या लाखाच्या पुढे गेल्याचे अंदाज आहेत. ओहोटीला खाडीचा चिखल उघडा पडला की ते तेथे चरतात. भरतीने तो झाकला की नेरूळ-सीवूड्सकडील पाणथळ जागांवर विश्रांतीस जातात. हे येणे-जाणे भरतीच्या वेळापत्रकाने ठरते, त्यामुळे ते दिवसाही होते आणि रात्रीही. खाडीचा सुमारे १७ चौरस किलोमीटरांचा पट्टा २०१५ साली अभयारण्य म्हणून जाहीर झाला आणि २०२२ मध्ये त्याला 'रामसर' यादीत स्थान मिळाले. पण विश्रांतीच्या पाणथळ जागा त्या अभयारण्याच्या हद्दीबाहेर राहिल्या. २०२४ साली नेरूळच्या एका तलावात भरतीचे पाणी येण्याच्या वाटा बुजल्या, तेव्हा तेथे पक्षी दगावले. नागरिकांनी आवाज उठवल्यानंतर त्या तलावाला संरक्षण देण्याचा निर्णय २०२५ साली शासनपातळीवर झाला. जेवणघर राखले आणि झोपायची खोली विकली, तर घर राखले असे होत नाही, हा साधा सिद्धान्त अशा खेळातून दहा मिनिटांत पटवता येईल. आज खाडीच्या एका बाजूस सांताक्रूझचा विमानतळ आहे आणि डिसेंबर २०२५ पासून दुसऱ्या बाजूस नवी मुंबईच्या विमानतळावरूनही उड्डाणे सुरू झाली आहेत. अशा वेळी भरतीची एकेक जागा बुजवल्याने थवे कोठे वळतील, हा केवळ पक्षिप्रेमींचा प्रश्न राहिलेला नाही. विमानात बसलेल्या प्रवाशांचाही तो प्रश्न आहे.

अशा खेळात वाघ-सिंहांचा थाटमाट नसेल. चिखलात उड्या मारणारे निवटे, खेकडे, तिवरांची श्वासमुळे आणि ज्यावर लहान रोहित पक्षी पोसला जातो ते सूक्ष्म शेवाळ यांनाच त्यात मानाचे स्थान द्यावे लागेल. महानगराच्या सांडपाण्याने या शेवाळाला खतपाणी मिळते आणि तेच सांडपाणी मर्यादेबाहेर गेले की खाडीचे विष होते, हे गुंतागुंतीचे सत्यही त्यात लपवून चालणार नाही. सत्य गुंतागुंतीचे असले म्हणून मुलांना ते झेपत नाही, हा मोठ्यांचा गैरसमज आहे. पोकेमॉनच्या शेकडो जीवांची वंशावळ तोंडपाठ करणाऱ्या मुलाला भरती-ओहोटीचे कोष्टक जड जाण्याचे कारण नाही.

मुले आधीच मोबाइलला चिकटलेली असतात, त्यांना आणखी एक निमित्त कशाला, असा आक्षेप पालक व शिक्षक घेतील आणि तो रास्तही आहे. पण त्यास उत्तर देण्यापूर्वी एक प्रश्न विचारला पाहिजे: मोबाइल खाली ठेवलेल्या मुलाने जावे कोठे? पंतनगरपासून खाडी तीन किलोमीटरांच्या आत आहे. तथापि मध्ये पूर्व द्रुतगती महामार्ग आहे, त्यापलीकडे वस्ती आणि कांदळवन. खाडीकाठचे पक्षी पाहण्यासाठी घाटकोपरच्या मुलास बहुधा ऐरोलीस जाऊन वन विभागाच्या बोटीचे तिकीट काढावे लागते. टेकडीवरील झोपडपट्टीत राहणाऱ्या कुटुंबास चौघांचा तो खर्च परवडतोच असे नाही. स्वस्तातला डेटा मात्र परवडतो. पडद्यावरचे रान फुकट आणि दारातली खाडी महाग, अशी किमतींची उतरंड असेल तर मागणी कोणीकडे वळेल, हे सांगण्यास अर्थशास्त्राच्या पदवीची आवश्यकता नाही.

यात शासनाला करण्यासारखे पुष्कळ आहे, आणि त्यासाठी पैसा नाही ही सबब आता चालणार नाही. २०२५ साली केंद्राने पैसे लावून खेळल्या जाणाऱ्या ऑनलाइन खेळांवर कायद्याने बंदी घातली आणि शैक्षणिक व सामाजिक स्वरूपाच्या खेळांना उत्तेजन देण्याचे ठरवले. त्याच वर्षी महाराष्ट्र मंत्रिमंडळाने ॲनिमेशन व गेमिंग उद्योगासाठी स्वतंत्र धोरण मंजूर केले. त्यापाठी ३ हजार कोटी रुपयांहून अधिक रकमेची तरतूद कल्पिलेली आहे. सार्वजनिक पैशातून खेळ घडणार असतील, तर त्यांतला एक मराठीत आणि ठाण्याच्या खाडीवर असावा, अशी अपेक्षा करणे अवाजवी नाही. त्याचे नियम पक्षितज्ज्ञांनी आणि खाडीवर पोट असलेल्या कोळ्यांनी तपासावेत. आणि त्याची शेवटची पायरी पडद्यावर नसावी. जो विद्यार्थी ती गाठेल त्याला, त्याच्या वर्गासह, ऐरोलीच्या बोटीची एक फेरी विनामूल्य मिळावी. महानगरपालिकेच्या शाळांपासून याचा आरंभ करता येईल. बोटीच्या त्या फेरीचा खर्च गेमच्या निर्मितिखर्चापुढे नगण्य असेल; पण तिच्यावाचून निर्मितीचा सारा खर्च वाया जाण्याचा संभव आहे.

गेममध्ये हरलेल्यास पुन्हा पहिल्यापासून आरंभ करता येतो. खेळाचे सारे आकर्षण आणि त्याचा सारा धोकाही या एका सवलतीत सामावलेला आहे. लक्ष्मीनगरच्या रस्त्यांवरून उचललेल्या त्या ३९ पक्ष्यांना ती सवलत नव्हती आणि बुजवलेल्या खाजणालाही ती नसते. ज्या खेळाडूला हा भेद कळेल आणि तो कळल्यावर जो मोबाइल खिशात ठेवून खाडीची वाट विचारील, त्याच्यासाठी हा खेळ जरूर बनवावा. मात्र त्याने विचारण्यापूर्वी ती वाट तयार ठेवावी.