पागनीसांना संत करू नका

जुन्या चित्रपटांचा विषय निघाला की आपल्या घरांतून एक वाक्य हमखास ऐकू येते : 'विष्णुपंत पागनीसांनी तुकारामाचा अभिनय केलाच नाही, ते तुकारामच झाले होते.' हे वाक्य भक्तिभावाने उच्चारले जाते, हे मान्य. तथापि ते एका थोर नटावर अन्याय करणारे आहे, असे माझे स्पष्ट मत आहे.

पागनीसांचा जन्म १८९२ सालचा, आपल्या शेजारच्या बेळगाव जिल्ह्यातील चिकोडीचा. स्वदेश हितचिंतक नाटक मंडळीत त्यांनी स्त्रीभूमिका केल्या. पुढे रंगभूमी सोडून मुंबईत ते संगीतशिक्षक झाले. भजन मात्र सुटले नाही. दामले-फत्तेलाल यांचा 'संत तुकाराम' १९३६ साली आला, तेव्हा या माणसाच्या पाठीशी गळ्याची व देहाची दीर्घ तालीम होती. स्त्रीपार्टी करणारा नट तुकोबांना कसा शोभणार, अशी शंका तेव्हा 'प्रभात'मध्येही निघाली होती, असे सांगतात. उत्तर पडद्यावर मिळाले. आवलीच्या भडिमारापुढची ती अबोल मृदुता, मान किंचित कलवून केलेले स्मित, हातवाऱ्यांचा संयम हे सारे ज्याने आपल्या प्रकृतीहून भिन्न देहबोली वर्षानुवर्षे अभ्यासली, त्यालाच साधते. केवळ भक्तीने हे साधते, तर प्रत्येक वारकरी नट झाला असता!

याच चित्रपटातील 'आधी बीज एकले' हे पद शांताराम आठवले यांचे. अनेकांनी ते तुकोबांचाच अभंग मानले. कवीचे कसब इतके अस्सल उतरले, की कवीच अदृश्य झाला. पागनीसांचेही नेमके तेच झाले. चित्रपट मुंबईच्या 'सेंट्रल'मध्ये ५७ आठवडे चालला, १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला. आणि लोकांनी नटाची तसबीर देव्हाऱ्यात नेली.

या पूजेची किंमत कोणी दिली? पागनीसांनीच. 'संत तुलसीदास' (१९३९), 'नरसी भगत' (१९४०) अशी संतांचीच वस्त्रे त्यांच्या वाट्याला येत राहिली. १९४३ साली ते निवर्तले. त्यांच्यातला नट आणखी काय करू शकला असता, हे पाहण्याची संधी आपल्याच भक्तीने हिरावून घेतली.

हा प्रश्न केवळ गतकाळाचा नाही. गुणाला 'दैवी देणगी' म्हटले की तालमीची जबाबदारी टळते. संमेलनात नातवाने पद म्हटले की आपण 'उपजतच आहे' म्हणून कौतुक करतो. त्याला गुरूकडे पाठविण्याची तसदी घेत नाही. ज्या बेळगाव जिल्ह्याने गुर्लहोसूरचे अण्णासाहेब किर्लोस्कर दिले, त्याच्या शेजारी राहून आपण तालमीला इतके पारखे व्हावे, हे शोभादायक नाही.

येत्या तुकाराम बीजेला तुकोबांचे स्मरण अवश्य करावे. त्याच बैठकीत पागनीसांचेही करावे. परंतु संत म्हणून नव्हे, तर ज्याने आपली कला कष्टाने कमावली असा नट म्हणून.